खोडदच्या माळावर

पुण्याहून नाशिकच्या रस्त्यानें नारायणगांवास यावें व तेथून पूर्वेस वळावें, म्हणजे उसाच्या फडांपलीकडे, खोडदच्या माळावर, आकाशाकडे मुख करून उभ्या असलेल्या प्रचंड थाळ्या दृष्टीस पडतात. प्रत्येकीचा व्यास ४५ मीटर, संख्या ३०. पैकीं १४ एका जागीं आहेत. उरलेल्या १६ तीन दिशांस, सुमारें २५ किलोमीटरांच्या विस्तारांत पसरल्या आहेत. या सर्व मिळून एकच रेडिओ-दुर्बीण होते. रेडिओलहरी लांब असल्यानें तिला भरीव आरसा लागत नाहीं. बारीक तारांची जाळी पुरते आणि वारा तींतून निघून जातो. ही काटकसरीची युक्ति गोविंद स्वरूप (१९२९–२०२०) यांची.

हिनें ऐकावयाचें तें काय? बहुतेक मोठ्या दीर्घिकांच्या गर्भीं लक्षावधि, क्वचित् अब्जावधि सूर्यांच्या भाराचें कृष्णविवर असतें. त्यांतून प्रकाशही सुटत नाहीं. मग सक्रिय दीर्घिकांस एवढें तेज कोठून येतें, अशी शंका वाचकांस येईल. विवराकडे ओढला जाणारा वायु सरळ आंत पडत नाहीं. भोंवऱ्याप्रमाणें फिरतो, घर्षणानें तापतो व काठाबाहेरच प्रज्वलित होतो. सूर्याच्या पोटांत हायड्रोजनचें हीलियम होतांना वस्तुमानाचे हजारांत सातच भाग तेजरूप होतात. येथें शेंकडा दहांच्या आसपास! कन्या राशींतील, साडेपांच कोटि प्रकाशवर्षें दूर असलेल्या एम-८७ दीर्घिकेच्या विवराची छाया जगभरच्या दुर्बिणींनीं मिळून टिपली व तें चित्र २०१९ सालीं प्रसिद्ध झालें. त्या विवराचा भार साडेसहाशें कोटि सूर्यांइतका आहे.

अशा कांहीं विवरांजवळून दोन विरुद्ध दिशांस झोत सुटतात आणि लक्षावधि प्रकाशवर्षें लांबीचे मेघ निर्माण करितात. तेथील इलेक्ट्रॉन चुंबकीय क्षेत्रांत फिरतांना रेडिओलहरी देतात. विवराचा आहार संपला कीं झोत थांबतात. बलिष्ठ इलेक्ट्रॉन आधीं थकतात, आणि मागें उरलेला मेघ केवळ लांब लहरींतच क्षीणपणें बोलत राहतो. त्या टिपण्यांतच खोडदची ख्याति आहे. विझलेल्या चुलीची ऊब राखेंतून ओळखावी, तसेंच हें.

परंतु ही कुजबूज मोबाइल फोननें, विजेच्या ठिणगीनेंही बुडून जाते. म्हणूनच टेकड्यांच्या आडोशाची ही शांत जागा निवडली गेली. आतां गांवोगांवीं उत्कर्ष होत आहे, आणि तो व्हावाच. मात्र त्यासवें येणारा अदृश्य कोलाहल आवरणेंही आपल्या हातीं आहे. मुलांस तेथें नेणाऱ्या वडीलधाऱ्यांनीं निदान आपला फोन खरोखरच बंद ठेवावा. कोट्यवधि वर्षें चालून दारीं आलेल्या पाहुण्यास दोन शब्द बोलूं द्यावे, एवढा गृहस्थधर्म आपणांस कठीण नसावा.