लसणाचा घेवडा

घेवडा कोवळा आहे की जून, हे बोटांना जितकं कळतं तितकं डोळ्यांना कळत नाही. म्हणून मंडईतल्या जाणत्या मावशी स्वतःच सांगतात, "मोडून बघा ताई, मग घ्या." शेंग मधोमध धरून वाकवायची. कोवळी असेल तर ती कट्‌कन तुटते, तुटल्या जागी ओल चमकते आणि आतले दाणे तांदळाच्या कणीपेक्षा मोठे नसतात. जून शेंग वाकते, पिळवटते आणि तुटली तरी एका चिवट धाग्याला लोंबत राहते. हिवाळ्यात सकाळी असा कट्‌कन मोडणारा अर्धा किलो घेवडा पिशवीत पडला, की त्या दिवशीचं जेवण माझ्यापुरतं ठरून जातं. गरम भात, पिवळं वरण, तूप आणि लसणाचा घेवडा.

पानात ही भाजी दुय्यमच. हिच्यासाठी कोणी पाहुण्यांना जेवायला बोलावत नाही, लग्नाच्या पंगतीत ती वाढली जात नाही. घेवडा, लसूण, तेल, मीठ आणि वाटलं तर एखादी मिरची, एवढाच तिचा जामानिमा. पण जिन्नस जितके कमी तितकं करणाऱ्याचं काम नाजूक. गोडा मसाला, गूळ, खोबरं, दाण्याचं कूट यांच्या आडोशाला शिजवण्यातली कसर झाकून जाते. इथे तो आडोसाच नाही. आणि ही भाजी बिघडते ती बहुतेक वेळा काहीतरी जास्त झाल्यामुळेच. लसूण जास्त तळला जातो, घेवडा जास्त शिजतो, पाणी जास्त पडतं. हात वेळेवर आवरला की ती साधते.

मुंबईकरांची फरसबी आणि आम्हा पुणेकरांचा श्रावणघेवडा ही एकच शेंग. मूळची ती अमेरिका खंडातली. मेक्सिकोत आणि अँडीज पर्वताच्या परिसरात हजारो वर्षं पिकत आलेली ही शेंग कोलंबसनंतर युरोपीय जहाजांतून जगभर गेली. मिरची, बटाटा आणि टोमॅटोही त्याच वाटेने आले. शेंग झाडावरच वाळू दिली की आतला दाणा म्हणजे आपला राजमा. माझं सासर सातारा जिल्ह्यातलं, कोरेगाव तालुक्यातलं. तिथला पट्टेदार दाण्यांचा वाघ्या घेवडा याच कुळातला. त्याला भौगोलिक मानांकनही मिळालं आहे. त्यामुळे सासरी घेवडा म्हटलं की दाण्याची आमटी डोळ्यांपुढे येते आणि माहेरी शेंगेची भाजी. मी दोन्हीकडची, पण कल विचाराल तर शेंगेकडे.

नावात श्रावण असला तरी श्रावणात तिच्या वाट्याला लसूण येत नाही. चातुर्मास पाळणाऱ्या घरांत आषाढातल्या कांदेनवमीला भजी खाऊन झाली की कांदा-लसूण बंद होतो, तो कार्तिकी एकादशीपर्यंत. सासूबाई हा नेम कडक पाळायच्या. त्या चार महिन्यांतला घेवडा बारीक चिरलेला, ओलं खोबरं पेरलेला, किंचित गुळाचा. तोही फार चांगला लागतो, विशेषतः नैवेद्याच्या पानात. पण सप्टेंबर-ऑक्टोबरात पेरलेला रब्बीचा घेवडा दीड-दोन महिन्यांनी तोडणीला येतो, तोवर कार्तिकी एकादशी होऊन गेलेली असते किंवा तोंडावर आलेली असते. हवेत गारवा, शेंग रसरशीत आणि लसूण पुन्हा स्वयंपाकघरात. पुढे पातीचा ओला लसूणही दिसायला लागतो. या भाजीचा खरा हंगाम हाच.

शिरा काढायचं काम मला घाईत करवत नाही. देठाकडचं टोक मोडून खाली ओढलं की एका कडेचा दोरा अख्खा निघून येतो, मग शेपटीकडून दुसऱ्या कडेचा. हल्ली बऱ्याच वाणांच्या शेंगांना हा दोरा जवळजवळ नसतोच. त्यामागेही एका माणसाची चिकाटी आहे. न्यू यॉर्क राज्यातल्या ली रॉय गावच्या कॅल्विन कीनी यांनी निवड करत करत बिनशिरेच्या शेंगेचं वाण तयार केलं आणि १८९४ मध्ये बर्पी या बियाणं विकणाऱ्या कंपनीने तसं वाण बाजारात आणलं. किती घरांतल्या किती दुपारी त्यामुळे मोकळ्या झाल्या असतील! तरीही मी प्रत्येक शेंग हातातून काढते. शीर नसली तरी कीड, डाग, चुकून आलेली जून शेंग हे सगळं हातालाच सापडतं. जून शेंगा टाकायच्या नाहीत, सोलून त्यांचे दाणे आमटीत घालायचे.

चिरण्याची पद्धत इथे वेगळी. खोबऱ्याच्या भाजीला घेवडा जितका बारीक तितका चांगला, पण लसणाच्या भाजीला बोटाच्या दोन पेरांएवढे तिरके तुकडे हवेत. बारीक तुकडा तेलात पडताच मऊ होतो; लांब तुकड्याला वरून चटका बसतो आणि आत रस राहतो. दाताखाली तो रस यावा यासाठीच तर सगळा खटाटोप.

आता लसूण. अर्धा किलो घेवड्याला गावरान लसणाच्या बारा-पंधरा पाकळ्या मला जास्त वाटत नाहीत. गावरान पाकळी बारीक, सोलायला त्रासाची, पण वासाला आणि तिखटपणाला तिची सर मोठ्या पांढऱ्या पाकळीला नाही. साठवणीचा लसूण असेल तर पाकळी उभी चिरून आतला हिरवा कोंब काढून टाकावा, तो कडसर असतो. निम्म्या पाकळ्यांचे पातळ काप करायचे आणि निम्म्या खलबत्त्यात ठेचून पाच-दहा मिनिटं तशाच ठेवायच्या. ही थांबण्याची वेळ वाया जात नाही. अख्ख्या पाकळीला फारसा वास नसतो. ती ठेचली की तिच्या पेशी फुटतात, आतलं अलिन आणि एक विकर एकत्र येतात आणि त्यातून अलिसिन तयार होतं. लसणाचा तो झोंबणारा वास त्याचा. कॅव्हलिटो आणि बेली या अमेरिकी संशोधकांनी १९४४ मध्ये ते वेगळं काढून दाखवलं. उष्णतेने ते विकर निकामी होतं, म्हणून ठेचल्याबरोबर लसूण कढईत गेला तर तो पुरता फुलतच नाही.

काप मात्र तेल कडकडीत तापायच्या आतच घालावेत. मोहरी नको, जिरं नको. मंद आचेवर पहिल्यांदा प्रत्येक कापाभोवती बारीक बुडबुडे धरतात. मग पांढरा रंग जरासा पारदर्शक होतो, कडा आत वळतात आणि नाकाला झोंबणारा वास हळूहळू खमंग व्हायला लागतो. कडांवर गवताच्या काडीसारखा पिवळा रंग आला की क्षणभरही वाट पाहायची नाही, घेवडा टाकायचा. तेल तापलेलंच असतं, लसूण पुढेही तळला जातच असतो. कढईतच तांबूस होऊ दिला तर पानात येईपर्यंत तो काळवंडतो आणि त्याचा कडूपणा शेंगेशेंगेला लागतो.

धुऊन निथळलेल्या घेवड्याला जी ओल असते ती बहुतेक पुरते. चर्र आवाज होतो, वाफ उठते, मीठ घालून परतायचं आणि आच मोठी करायची. लागलंच तर पाण्याचा हबका मारायचा, पेला ओतायचा नाही. आणि झाकण ठेवायचं नाही. सासूबाई कढईकडे न बघता, नुसत्या आवाजावरून सांगायच्या, "अगं, झाकण काढ, घेवडा काळा पडेल." त्यांचं म्हणणं पुढे मला रसायनशास्त्रातही सापडलं. सुरुवातीच्या मिनिटांत शेंग आणखी हिरवी दिसते, कारण तिच्या पेशींमधली हवा निघून जाते. मग उष्णतेने भाजीतली आम्लं मोकळी होतात, ती हरितद्रव्यातलं मॅग्नेशियम काढून टाकतात आणि हिरवा रंग शेवाळी होत जातो. झाकण नसलं की यातली काही आम्लं वाफेबरोबर उडून जातात, झाकणाखाली ती परत भाजीतच ठिबकतात. काही जणी रंगासाठी चिमूटभर सोडा घालतात. त्याने रंग टिकतो हे खरं, पण शेंग लिबलिबीत होते आणि ब जीवनसत्त्वाचंही नुकसान होतं. सोड्याच्या बाबतीत मी कधीच कोणाचं ऐकलेलं नाही.

अर्थात करकरीत म्हणजे कच्चा नव्हे. कच्च्या घेवड्यात लेक्टिन हे प्रथिन असतं, ते पोट बिघडवतं आणि नीट शिजल्यावरच निष्क्रिय होतं. उघड्या कढईत आठ-दहा मिनिटांत शेंगेवर इथेतिथे तपकिरी ठिपके उठतात, साल जराशी सुरकुतते, तुकडा दाताने सहज तुटतो पण चिरडत नाही. तेव्हा ठेचलेला लसूण घालायचा, अर्धा मिनिट परतायचं आणि गॅस बंद. तळलेल्या लसणाचा गोडसर खमंगपणा आणि ठेचलेल्याचा तिखट वास असे दोन लसूण एका घासात येतात. खोबऱ्या-गुळाच्या भाजीत शेंग इतर चवींमागे उभी राहते. इथे ती स्वतःच्या चवीने पुढे येते. माझ्या मते घेवड्याची याहून चांगली भाजी नाही.

लिंबू पिळायचं ते पानात. कढईत पिळलं तर त्याचंही आम्लच, मिनिटा-दोन मिनिटांत रंग उतरतो. वरणभाताबरोबर ही भाजी तोंडी लावायला घ्यावी, ज्वारीच्या गरम भाकरीबरोबर तर नुसती हीच पुरे. उरलेली सकाळी पुन्हा गरम करू नये, थंडच खावी. मुरलेल्या लसणाने तिची चव उलट वाढलेली असते.

एकच विनवणी. घेवडा आणाल त्याच दिवशी करा. फ्रिजच्या फार गारव्यात तीन-चार दिवसांत शेंगेवर तांबूस डाग पडतात, ती मऊ पडते आणि मोडताना आवाज करेनाशी होते. तशा शेंगेची आमटी करा, लसणाची भाजी करू नका.