रिकामी खुर्ची

आपल्या समाजात सल्ल्याचा दुष्काळ कधी पडला नाही. सर्दी झाली म्हणावे, तर चार घरांतून चार काढे येतात. मुलीचे लग्न लांबले म्हणावे, तर जिन्यात भेटणारा प्रत्येक जण एक स्थळ सुचवून जातो. पण एखाद्याने हळूच सांगितले, "हल्ली मला जगावंसंच वाटत नाही," की हीच माणसे गोंधळतात. कोणी म्हणतो, "मन रमव कशात तरी." कोणी म्हणतो, "देवाचं काही करत जा." दोन्ही सल्ले वाईट नाहीत, पण ते इतक्या घाईने दिले जातात की, समोरच्याला कळून चुकते, या माणसाला माझे ऐकायचे नाही, माझे बोलणे थांबवायचे आहे.

ऐकणे हाच माझा पोटापाण्याचा व्यवसाय असल्यामुळे हे मी जरा अधिकाराने लिहिते. पुण्यात गेली पंचवीस वर्षे मी समुपदेशक म्हणून काम करते आहे. तीन खुर्च्या, तांब्याभांडे आणि टिकटिक न करणारे एक घड्याळ, एवढेच माझे भांडवल. शिवाय मी ख्रिस्ती आहे. माझे माहेर नगरकडचे. आमची आजी पहाटे उठून इतक्या मोठ्याने प्रार्थना करी की, घरातल्या अडचणी देवाच्या आधी शेजाऱ्यांना कळत.

माझ्या खोलीच्या भिंतीवर मात्र क्रूस नाही. त्यामुळे मंडळीतली माणसे मला विचारतात, "इतकी दुःखी माणसं तुझ्याकडं येतात, त्यांना तू प्रभूविषयी काहीच सांगत नाहीस?" उलट माझी एक व्यवसायबंधू, म्हणजे खरे तर मैत्रीणच, परवा म्हणाली, "कामाला बसायच्या आधी तू प्रार्थना करतेस म्हणे. आपल्या शास्त्रात ते कुठं बसतं गं? आणि उद्या कोणी म्हणालं की बाई माणसं बाटवते, तर?" एकीला माझा धर्म कमी वाटतो, दुसरीला जास्त. दोघींना द्यायचे उत्तर एकच आहे, पण ते जिन्यात उभ्याउभ्या देण्याजोगे नाही.

मानसोपचार आणि धर्म यांचे भांडण तसे जुने. १९२७ साली फ्रॉइडने धर्म हा एक भ्रम आहे, असे सांगणारे पुस्तक लिहिले. त्याचा मित्र ओस्कर फिस्टर हा झुरिकचा पाद्री, आणि स्वतः मनोविश्लेषणही करणारा. त्याने १९२८ साली त्याला चोख उत्तर लिहिले. गंमत अशी की, या वादाने मैत्री तुटली नाही. १९०९ पासून फ्रॉइडच्या अखेरीपर्यंत, म्हणजे १९३९ पर्यंत, दोघांची पत्रे चालू होती. अनुयायांना मात्र भांडण तेवढे वारशात मिळाले!

या दोन घरांमधली भिंत आपल्या मुलखात कोणी पोखरली असेल, तर ती फादर अँथनी डिमेलो यांनी. ते येशूसंघीय धर्मगुरू. जन्म मुंबईचा, १९३१चा. तत्त्वज्ञान ते स्पेनमध्ये शिकले आणि समुपदेशनाचे शिक्षण त्यांनी शिकागोच्या लोयोला विद्यापीठात घेतले. १९७०च्या दशकात त्यांनी पुण्यात 'साधना' नावाची संस्था काढली. पुढे ती लोणावळ्याला गेली. १९७८ साली त्यांचे 'साधना' हे इंग्रजी पुस्तक गुजरातेतल्या आणंदहून निघाले. प्रार्थनेचे पुस्तक म्हणून उघडावे, तर सुरुवातीला देव फारसा भेटतच नाही. स्वस्थ बसा, खांद्यावर कपड्याचा स्पर्श जाणवतो का पाहा, श्वास नाकपुडीतून आतबाहेर कसा होतो ते पाहा, असलेच पाठ! पुढे विष्णुसहस्रनामाच्या धर्तीवर येशूला आपापल्या मनाने हजार नावे द्यावीत, असाही एक पाठ आहे. १९८७ साली ते वारले. त्यानंतर ११ वर्षांनी, १९९८ साली, त्यांची काही मते कॅथलिक श्रद्धेशी जुळत नाहीत, असा इशारा रोमच्या धर्मपीठाने दिला. मी प्रॉटेस्टंट, त्या वादात मी पडत नाही. मला त्या पुस्तकातली एक खुर्ची तेवढी हवी आहे.

डिमेलो गोष्ट सांगतात ती एका आजाऱ्याची. भेटीला आलेल्या धर्मगुरूला त्याच्या खाटेशेजारी एक रिकामी खुर्ची दिसते. आजारी सांगतो, मला प्रार्थना कधी जमलीच नाही. शेवटी एका मित्राने सुचवले, समोर खुर्ची मांड, तिच्यावर येशू बसला आहे असे समज आणि बोल. तेव्हापासून तो रोज बोलतो आहे. काही दिवसांनी त्याची मुलगी निरोप आणते की, वडील गेले. आणि जाताना त्यांचे डोके उशीवर नव्हते, त्या खुर्चीवर टेकलेले होते.

मौज अशी की, मानसोपचारातही नेमकी अशीच एक खुर्ची आहे. मोरेनो यांच्या मनोनाट्यातून ती आली, आणि १९६०च्या दशकात फ्रिट्झ पर्ल्स यांनी आपल्या गेस्टाल्ट पद्धतीतून ती नावारूपाला आणली. ज्याच्याशी बोलायचे राहून गेले, तो माणूस समोर बसला आहे असे मानायचे आणि बोलायचे. प्रार्थनेतल्या खुर्चीवर कोणीतरी आहे अशी श्रद्धा असते. उपचारातल्या खुर्चीवर कोणी नाही, हे दोघांनाही ठाऊक असते. एवढा फरक सोडला, तर पुढे जे घडते ते फार वेगळे नसते. माणसाला आपलाच आवाज प्रथम ऐकू येतो.

माझ्याकडे एक गृहस्थ येत. वय पन्नाशीचे, सरकारी नोकरी, घरी सत्यनारायण चुकत नाही असे घर. (इथे येणाऱ्या माणसांच्या ओळखीच्या खुणा मी पुसल्या आहेत.) झोप नाही, घरात सगळ्यांवर ओरडणे, आणि कारण विचारले तर "काही नाही." वडिलांशी चौदा वर्षे अबोला होता आणि तो तसाच ठेवून वडील गेले, हे सहाव्या भेटीत कळले. मी तिसरी खुर्ची त्यांच्यासमोर ठेवली आणि काय करायचे ते सांगितले. ते बराच वेळ बसून राहिले. मग उठले, ती खुर्ची उचलली आणि भिंतीशी नेऊन ठेवली. मला वाटले, नको म्हणताहेत. तर म्हणाले, "नानांना पंख्याखाली बसवत नाही. सांधे धरतात." आणि मग नानांशी बोलू लागले. काय बोलले ते इथे लिहिण्याचे कारण नाही. पण चौदा वर्षे ज्याच्याशी बोलले नाहीत, त्या बापाला अजूनही वारा लागू नये असे त्यांना वाटत होते, हे त्यांना त्या खोलीतच उमगले. डिमेलोंची गोष्ट मी त्यांना सांगितली नाही. त्यांना नाना हवे होते, माझा येशू नव्हे.

मग माझी श्रद्धा त्या खोलीत करते काय? ती मला गप्प बसवते. आमच्या शास्त्रात ईयोबाची कथा आहे. मुलेबाळे, गुरेढोरे, प्रकृती, सगळे गेलेला हा माणूस राखेत बसलेला असतो. तीन मित्र भेटायला येतात आणि सात दिवस, सात रात्री त्याच्याजवळ जमिनीवर बसून राहतात. एक शब्द बोलत नाहीत. तोवर ते आदर्श समुपदेशक असतात! आठव्या दिवसापासून ते बोलू लागतात, 'तुझेच काही चुकले असेल' असे समजावतात, आणि देवाचा रोष ओढवून घेतात.

ईयोबाचे ते मित्र आजही हयात आहेत. एक तरुण ख्रिस्ती मुलगी बाळंतपणानंतर दोन महिन्यांनी माझ्याकडे आली. बाळ रडले की तिला जिना उतरून निघून जावेसे वाटे. कधी जिना न उतरता गच्चीवर जावेसे वाटे. प्रार्थनासभेत तिला सांगितले होते, "तुझा विश्वास कमी पडतो." म्हणजे आधीच बुडणारीच्या गळ्यात आणखी एक धोंडा! मी त्याच दिवशी तिला मानसोपचारतज्ज्ञाकडे पाठवले आणि तिला एकटी ठेवू नका, असे घरच्यांना बजावले. तिच्या सासूबाई भल्या होत्या, पण गोळ्यांना भीत होत्या. "ताई, प्रार्थनेनं होणार नाही का हो?" मी म्हटले, "मावशी, तुम्ही शास्त्र वाचता ते चष्मा लावूनच ना? आणि शुभवर्तमान लिहिणाऱ्या लूकला तर आपण वैद्यच मानतो." त्या हसल्या. गोळ्या सुरू झाल्या. काही आठवड्यांनी ती मुलगी म्हणाली, "देवावर रागावले तर चालतं का?" तिला मी ८८वे स्तोत्र वाचायला सांगितले. बाकीची बहुतेक दुःखाची स्तोत्रे शेवटी आशेकडे वळतात. हे अंधारातच संपते. ते वाचून ती म्हणाली, "म्हणजे हेही शास्त्रात आहे!" त्या दिवशी ती प्रथमच पोटभर रडली.

अशा काळोखासाठी माझ्या पोतडीत आणखी एक जुने औषध आहे. इग्नेशियस लोयोला हा स्पेनचा सरदार १५२१ साली तोफगोळा लागून अंथरुणाला खिळला. पडल्यापडल्या त्याच्या ध्यानात आले की, पराक्रमाची स्वप्ने पाहताना गोड वाटते, पण नंतर मन कोरडे पडते. संतांचे विचार मनात आले की, समाधान मागेही उरते. मनाच्या या भरती-ओहोटीवरून त्याने पुढे नियम बांधले. त्यातला एक असा की, मन उजाड झाले असताना आधीचा निर्णय बदलू नये. राजीनामा लिहून खिशात घालून आलेल्या एका तरुणाला मी एवढेच सांगितले, "कागद फाडू नका आणि देऊही नका. खणात ठेवा." मात्र घरात मारहाण सोसणाऱ्या बाईला हा नियम लावणे म्हणजे पाप आहे. तिने आधी सुरक्षित जागी जावे, चिंतन मागाहून.

राहता राहिली माझी प्रार्थना. चौदाव्या शतकातल्या एका अनामिक इंग्रज लेखकाने शिकवले की, फार शब्द नकोत, एक लहानसा शब्द धरून देवापुढे बसावे. १९७०च्या दशकात अमेरिकेतल्या काही मठवासीयांनी ती रीत पुन्हा चालू केली. नामस्मरण करणाऱ्या आपल्या आजीपणजीला यात नवल वाटणार नाही. मी सकाळी दार लोटून दहा मिनिटे तशी बसते. येणाऱ्याला बरे कर, असे मी मागत नाही. मागितले की निकालाची घाई सुटते, आणि घाई सुटली की सल्ला सुटतो. मी त्याचे नाव घेते आणि थांबते. मग दार उघडते. प्रार्थना माझ्यापाशी राहते, तिचा उपयोग मात्र त्याला होतो. कोणी स्वतःहून देवाविषयी बोलला, तर त्याच्या देवाविषयी ऐकते. विठ्ठल असो, अल्ला असो, वा कोणीच नसो.

नानांच्या मुलाने अखेरच्या भेटीत विचारले, "ताई, तुम्ही देव मानता का हो?" मी म्हटले, "मानते." "वाटलंच," म्हणाले, आणि छत्री घेऊन गेले. कोणता देव, हे त्यांनी विचारले नाही.

आता दिवाळी आहे. घरे भरलेली असतील, फराळाची ताटे फिरत असतील. त्या गर्दीत एखादी वन्सं, एखादा भाचा, एखादे काका नेहमीपेक्षा गप्प दिसतील. त्यांना "तब्येत बरी ना?" असे उभ्याने विचारून पुढे जाऊ नका. चकलीचे ताट खाली ठेवा आणि शेजारी बसा. काय बोलावे, हे सुचले नाही तर उत्तमच.