मामाचं न दिलेलं मत

१९७३ च्या मे महिन्यात, पावसामुळे बोट बंद व्हायच्या आत, आईने मला मालवण बंदरातून मुंबईला धाडलं. पडावातून आगबोटीवर चढताना माझ्या काखेत उकड्या तांदळाची पिशवी होती, मामासाठी. "चेडवाक हंय धाड, शिकांदे," असं त्याने कळवलं होतं.

वरळीच्या बीडीडी चाळीतली त्याची खोली एकशेसाठ चौरस फुटांची. त्यात आठ माणसं होती, मी नववी. मामा गिरणीत रिंग खात्यात होता. विणाई खात्यात पगार बरा, पण धोट्यातून धागा तोंडाने ओढावा लागे, म्हणून विटाळ मानून पूर्वी आमच्या माणसांना तिथे घेतच नसत. १९२८ च्या संपात बाबासाहेबांनी हे गाऱ्हाणं मांडलं होतं. मामा ते असं सांगायचा, जणू काल घडलंय.

रात्री चाळीत दलित पँथरचं बोलणं चाले. ढसाळ, ढाले, ज. वि. पवार ही नावं मी तिथेच ऐकली. पँथर हे नाव अमेरिकेतून आलेलं. ओकलंड शहरात १९६६ साली काळ्या माणसांनी ब्लॅक पँथर पार्टी काढली, तिच्यावरून १९७२ मध्ये आपल्या पोरांनी घेतलेलं. मला काहीच उमगेना.

"मामा, काळो वाघ आसता?"

"आसता. रातीचो दिसना नाय, इतक्याच."

(बाबासाहेबांनी १९४६ मध्येच काळे विचारवंत डब्ल्यू. ई. बी. ड्युबॉइस यांना पत्र लिहून, अमेरिकेतल्या निग्रोंनी संयुक्त राष्ट्रांकडे केलेल्या अर्जाच्या प्रती मागवल्या होत्या, हे मला पन्नाशीत कळलं. मामाला ते सांगायला मिळालं असतं तर!)

१९७४ च्या जानेवारीत दक्षिण-मध्य मुंबईत लोकसभेची पोटनिवडणूक होती. पँथरने बहिष्कार पुकारला. पाच तारखेच्या वरळीतल्या सभेवर दगड आले, मग लाठ्या, मग गोळ्या. मामीने आम्हा मुलांना खाटेखाली सरकवलं आणि वर गोधड्या टाकल्या. दहा तारखेला मोर्चात पँथरचा भागवत जाधव मारला गेला. त्या दिवशी चाळीत चूल पेटली नाही. पुढे काँग्रेसचे रामराव आदिक पडले आणि कम्युनिस्ट रोझा देशपांडे निवडून आल्या. मामा मत द्यायला गेलाच नव्हता. निकालाच्या रात्री तो भाकर मोडत म्हणाला, "आमी मत घातलाव नाय, ताच तेंका मोजूचा लागला."

मी मॅट्रिक झाले ती मामाच्या पगारावर. माझ्या वह्यांचा हिशेब त्याने कधी मांडला नाही. मामीने मांडला, आणि तो वाजवी होता. तिच्या दोन पाटल्या माझ्या फीत गेल्या. खरं देणं तिचंच. मामाचं नाव पुढे येतं, कारण बोलायचा तो.

पुढे, मी गावी परतल्यावर, त्र्याहत्तराव्या घटनादुरुस्तीने सरपंचपदालाही आरक्षण आलं. आमच्या गावात ते बाईला आणि आमच्या समाजाला सुटलं, आणि मी उभी राहिले. बिनविरोध करायला पुढारी आले, म्हणाले, "सही कर, बाकी आम्ही बघू." मी त्यांना चहा दिला, सही दिली नाही. निवडून आले तेव्हा मामा गावी आला. गिरणी बंद पडून वर्षं झाली होती, पायात सूज होती. ग्रामपंचायतीत येऊन त्याने खुर्चीकडे बघितलं नाही. इतिवृत्ताचं रजिस्टर मागितलं, चष्मा लावून माझी पहिली सही शोधली, आणि बोट ठेवून म्हणाला,

"हय तारीख रवली. घाल."