दादाची तेवीस मिनिटे

आमच्या आईची एक पत्र्याची पेटी आहे. तीत सगळ्यांचे दाखले, मार्कशीट, रेशनकार्डाच्या जुन्या प्रती असे सर्व काही असते. घाटकोपर पूर्वेची आमची चाळ गेली, त्याच जागी इमारत उभी राहिली, आम्ही सातव्या मजल्यावर आलो; पेटी मात्र तीच. गेल्या पावसाळ्यात पुतणीच्या कॉलेजसाठी तिच्या बापाचा जातीचा दाखला हवा होता. तो शोधताना तळाशी प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळलेल्या तीन फ्लॉप्या सापडल्या. निळ्या, साडेतीन इंची. दादाच्या अक्षरात एकीवर ‘डॉस’, दुसरीवर ‘वर्डस्टार’ आणि तिसरीवर नुसते ‘प्रिन्स’.

दादा म्हणजे आमचा थोरला भाऊ. आम्ही तिघे त्याच्या पाठची. १९९६ साली बारावी झाल्यावर त्याने स्टेशनजवळच्या एका कॉम्प्युटर क्लासमध्ये नाव घातले होते. १,८०० रुपये फी, तीन हप्त्यांत. पहिला हप्ता आईने भिशीतून भरला. क्लासला एसी होता, चपला दाराबाहेर काढाव्या लागत, आणि एका कॉम्प्युटरवर तिघांना मिळून एक तास. दादा घरी येऊन आम्हाला जमिनीवर खडूने कीबोर्ड काढून दाखवायचा. शनिवारी तास संपल्यावर सर पंधरा मिनिटे खेळ खेळू देत. तोच हा ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’. कैद झालेला तरुण, साठ मिनिटांची मुदत, तेवढ्यात बारा मजले पार करून राजकन्येपर्यंत पोहोचायचे. त्याच्या तोंडून ऐकून आम्हाला सगळा खेळ पाठ होता. डोळ्यांनी मात्र एकदाही पाहिला नव्हता.

दोन हप्ते भरले आणि भांडुपला एलबीएस मार्गावरची बाबांची कंपनी बंद पडली. तिसरा हप्ता राहिला, म्हणून क्लासवाल्यांनी दादाला परीक्षेला बसू दिले नाही. पुढच्याच आठवड्यात तो मुलुंडला एका कारखान्यात पॅकिंगला लागला. त्याच्या पगारावर आमच्या तिघांच्या फिया गेल्या. त्यानंतर कॉम्प्युटरचा विषय त्याने घरात काढला नाही. आम्हीही काढला नाही.

फ्लॉप्या सापडल्याचे फोनवर सांगितले तेव्हा तो म्हणाला, “टाकून द्या. आता कुठे चालतात त्या!”

आम्ही टाकल्या नाहीत. त्याला न विचारता पुढचे उद्योग केले हे बरे की वाईट, यावर आमच्यात अजून एकमत नाही. पुतणी बी.एस्सी. आयटीला आहे, तिचा लॅपटॉप आहे, पण त्याला फ्लॉपीची खाचच नाही. लॅमिंग्टन रोडवर दोन गल्ल्या फिरल्यावर यूएसबीने जोडायचा फ्लॉपी ड्राइव्ह मिळाला, तोही वापरलेला.

पहिल्या दोन फ्लॉप्यांना बुरशी लागली होती. ड्राइव्ह नुसता करकरला. वाचकहो, तुमच्याही घरात अशी फ्लॉपी असेल तर एक लक्षात ठेवा. ती वाचता आली नाही की कॉम्प्युटर विचारतो, फॉरमॅट करायची का? हो म्हणालात तर उरलेसुरलेही पुसले जाते. आमच्यातल्या एकाचे बोट त्या बटणापर्यंत गेले होते. पुतणीने हात धरला. फ्लॉपी घालण्याआधी कोपऱ्यातली छोटी खिडकी सरकवून उघडी ठेवायची, म्हणजे तिच्यावर काही लिहिले जात नाही, हेही तिने दाखवले. तिसरी फ्लॉपी घातली. पहिल्यांदा नाही, दुसऱ्यांदा नाही, तिसऱ्या वेळी फायलींची यादी आली. लगेच सगळ्या फायली लॅपटॉपवर उतरवून घेतल्या आणि व्हायरस तपासला, कारण त्याकाळी फ्लॉपीबरोबर व्हायरसही घरोघर फिरत.

खेळावर क्लिक केले तर लॅपटॉप म्हणतो, हे इथे चालणार नाही. फाईल बिघडलेली नव्हती. तो खेळ सोळा बिटच्या डॉससाठी लिहिलेला आणि आजचे विंडोज चौसष्ट बिटचे. जुने सोळा बिटचे प्रोग्रॅम चालवण्याची सोयच त्यातून काढून टाकलेली आहे. त्यावर उपाय म्हणजे ‘डॉसबॉक्स’ नावाचा फुकट मिळणारा प्रोग्रॅम. २००२ पासून तो आहे. नव्या कॉम्प्युटरच्या पोटात तो जुन्या कॉम्प्युटरचे सोंग वठवतो, आणि खेळाला वाटते आपण १९९० मध्येच आहोत.

डॉसबॉक्समध्ये काळी खिडकी उघडते. तिथे आधी ‘माउंट’ अशी आज्ञा देऊन आपला फोल्डर हाच सी ड्राइव्ह आहे असे सांगावे लागते. आमची आज्ञा काही केल्या लागू होईना. फोल्डर नाही, असेच उत्तर. अर्धा तास शुद्धलेखन तपासले. शेवटी कळले की आम्ही प्रेमाने फोल्डरला ‘दादा’ असे मराठीत नाव दिले होते आणि ते त्या जुन्या सोंगाला वाचता येत नव्हते! रोमन लिपीत, मध्ये जागा न सोडता नाव दिले आणि पडदा उजळला. आवाज मात्र अडखळत होता. कंट्रोल आणि एफ-१२ दाबले की डॉसबॉक्सचा वेग वाढतो, असे पुतणी म्हणाली, पण लॅपटॉपच्या त्या बटणावर भलतेच काम. सोबत एफएन दाबल्यावर जमले.

तो तरुण धावू लागला आणि आम्ही गप्प झालो. खरा माणूस धावावा तसा धावतो. जॉर्डन मेकनर या अमेरिकन तरुणाने आपल्या धाकट्या भावाला धावायला, उड्या मारायला लावले, त्याचे व्हिडिओ चित्रण केले आणि त्यावरून एकेक चित्र उतरवून १९८९ साली हा खेळ केला. संगीत वडिलांचे. मूळ खेळाच्या फ्लॉप्या त्याच्याही घरात अशाच हरवल्या होत्या. २०१२ मध्ये वडिलांना एका खोक्यात सापडल्या.

पुतणीला यादीत आणखी एक फाईल दिसली. अवघी आठ बाइटची, तारीख ऑगस्ट १९९६. ती होती दादाने जतन केलेल्या डावाची. खेळ सुरू होताना कंट्रोल आणि एल दाबले. आठवा मजला उघडला, खाली अक्षरे आली : तेवीस मिनिटे शिल्लक.

कोणी बटणाला हात लावेना. ती मिनिटे आमची नव्हती. खेळ बंद केला आणि त्या फाईलची एक प्रत वेगळी ठेवली.

रविवारी दादा जेवायला आला. आम्ही काही बोललो नाही, लॅपटॉप टेबलावर उघडा ठेवला. त्याने लांबून पाहिले. “हे काय उकरून काढलंत?” एवढेच म्हणाला आणि ताटावर बसला. आवाज चढा होता. वहिनी आमच्याकडे पाहू लागल्या. हात धुऊन तो परत आला, उभ्याउभ्याच एक बटण दाबले, मग खुर्ची ओढली.

दोनदा पडला, एकदा तलवारीने मेला. नंतर बोटांना आठवू लागले. शेवटचे दार उघडणारी कळ त्याने दाबली, परत फिरला, तर मधली जाळी खाली आलेली. “इथंच अडकायचो,” तो म्हणाला. “दर शनिवारी. कितीही उड्या मारा, ही जाळी उघडत नाही. वाटायचं, आपल्याच फ्लॉपीत खोट आहे.”

“पप्पा, काही करू नका,” पुतणी म्हणाली. “नुसतं थांबा.”

“मिनिटं चाललीत ना माझी!”

“जाऊ द्या. थांबा.”

थोड्या वेळाने जाळीपलीकडून एक पांढरा उंदीर आला, कळीवर चढला आणि जाळी उघडली. तो उंदीर राजकन्येने पाठवलेला असतो. दादा खुर्चीतून अर्धा उठला. आई स्वयंपाकघरातून विचारत होती, काय झाले, कोण आले?

नववा मजला लागला तेव्हा सतरा मिनिटे उरली होती. आम्ही सांगण्याआधीच दादाने कंट्रोल आणि जी दाबून डाव जतन केला. मग म्हणाला, “याला चार्जिंगला लावा, निम्मी बॅटरी गेली.”

पुढच्या रविवारी त्याची सेकंड शिफ्ट होती. त्याच्या पुढच्या रविवारी जिन्यातूनच त्याचा आवाज आला, “चालू केला का रे?”