कॅसेटची दुसरी बाजू

आमचे घुग्घुस म्हणजे कोळशाच्या खाणी, सिमेंटचा कारखाना, लोखंडाचा कारखाना. धडधड ऐकण्याची कानांना सवयच आहे. तरी आमचा मुलगा 'आयर्न मेडन' या इंग्रजी बँडची गाणी लावतो, तेव्हा आम्ही दोघेही "आवाज कमी कर" म्हणतोच. पण या बँडच्या एका संग्रहाची त्याने सांगितलेली माहिती आपल्या घरांसाठी मोलाची आहे.

हा बँड १९७५ साली लंडनमध्ये निघाला. तिकडे छोट्या रेकॉर्डवर चालणारे गाणे पहिल्या बाजूला असे. उलट बाजूला दुसरे काहीतरी भरत. १९८० साली या बँडची एक छोटी रेकॉर्ड आली. तिच्या उलट बाजूचे 'बर्निंग ॲम्बिशन' हे गाणे त्यांनी त्याच वर्षीच्या मोठ्या रेकॉर्डवर घेतले नाही. काही उलट बाजूंवर त्यांनी आधीच्या बँडची गाणी गायली. अशी मागे पडलेली गाणी गोळा करून २००२ साली 'बेस्ट ऑफ द बी साइड्स' हा संग्रह निघाला. टाकून दिलेले म्हणून टाकाऊ नव्हे, हे त्यांनी ओळखले.

आमच्याकडे एक पत्र्याची पेटी आहे. बाबासाहेबांनी १६ ऑक्टोबर १९५६ रोजी चंद्रपूरला दीक्षा दिली. त्या दीक्षाभूमीवरच्या सोहळ्यात दरवर्षी घेतलेल्या कॅसेटी तीत आहेत. वामनदादा कर्डकांनी हजारो गीते लिहिली, प्रल्हाद शिंदेंचा आवाज घराघरांत पोहोचला. त्यांची गाजलेली गाणी आज मोबाईलवरही मिळतात. पण पेटीच्या तळाशी जयंतीच्या रात्री विहारासमोर टेप ठेवून भरलेल्या कॅसेटी आहेत. त्यांत रात्रपाळी चुकवून आलेला गायक आहे, मध्येच रडणारे लेकरू आहे, आणि कोरसमध्ये आमची आई आहे. आईचा फोटो भिंतीवर आहे. आवाज मात्र तेवढाच उरला आहे.

कॅसेटच्या फितीवर लोहाच्या गंजाची बारीक भुकटी असते. तिच्यावरच आवाज उमटतो. फितीच्या अर्ध्या रुंदीत पहिली बाजू, अर्ध्या रुंदीत दुसरी. म्हणून फीत खराब झाली की दोन्ही बाजू जातात. ऊन, ओल आणि लोहचुंबक हे तिचे वैरी.

माता-भगिनींनो, बंधूंनो, आपापल्या पेट्या उघडा. फितीवर पांढरी बुरशी दिसली तर कॅसेट तशीच लावू नका, जाणकाराला दाखवा. सैल फीत पेन्सिलने हळू गुंडाळा. वरच्या कडेच्या प्लास्टिकच्या टिकल्या तोडा, म्हणजे तिच्यावर चुकून दुसरे भरले जाणार नाही. मग दोन्ही बाजू संगणकावर उतरवून घ्या, आणि कोण गाते, कुठे, कोणत्या साली, हे लिहून ठेवा. तो आवाज ओळखणारी माणसे अजून आपल्यात आहेत. त्यांना बसवून, विचारून हे काम करा. ती गेल्यावर आवाज राहील, पण नाव सांगणारे कोणी राहणार नाही.