चाफ्याचा हिशेब

आपण राहतो त्या शहरात पर्यटक म्हणून हिंडण्याचा प्रसंग सहसा येत नाही, आणि आलाच तर आपण तो टाळतो. माझ्यावर तो गेल्या मार्गशीर्षात आला. एका चर्चासत्रासाठी परदेशातून तीन अभ्यासक मुंबईला आले होते. चर्चासत्र संपल्यावर त्यांना इथले बाजार पाहायचे होते. त्यासाठी गाइडसह पहाटेची एक फेरी ठरवण्यात आली : ससून डॉक, क्रॉफर्ड मार्केट आणि शेवटी दादरचा फूलबाजार. बरोबर कोणी मराठी माणूस असावा म्हणून संयोजकांनी मला जायला सांगितले. मी आढेवेढे घेतले. कारण मात्र सांगितले नाही. कारण इतकेच होते, की यातल्या शेवटच्या बाजाराशी माझे नाते पाहुण्याचे नव्हते. माझी आई वीस-बावीस वर्षे तिथे चाफा विकत असे.

पहाटे पाचला आम्ही ससून डॉकवर होतो. गाइड म्हणजे पंचविशीतली एक चुणचुणीत मुलगी होती. १८७५ साली बांधलेल्या या गोदीची माहिती तिने थोडक्यात आणि नेमकी दिली; कोणाचाही फोटो विचारल्याशिवाय काढायचा नाही, असेही बजावले. ओल्या फरशीवर टोपल्या ओतल्या जात होत्या, कोळणींचा लिलाव चालला होता. बोली कुठे सुरू झाली आणि कुठे संपली हे पाहुण्यांना तर कळले नाहीच, पण मलाही कळले नाही. 'काय चालले आहे?' असे त्यांनी मला विचारले, तेव्हा मी 'भाव ठरतो आहे' असे सांगितले. हे उत्तर चूक नव्हते. पण त्यात माहितीही नव्हती. मराठी येणे आणि बाजाराची भाषा येणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे तिथेच माझ्या लक्षात यायला हवे होते.

क्रॉफर्ड मार्केटपाशी पोहोचलो तेव्हा उजाडले होते, पण बरेच गाळे अजून बंद होते. १८६९ साली ही इमारत पूर्ण झाली. आराखडा विल्यम इमर्सन यांचा. मुंबईचे पहिले म्युनिसिपल कमिशनर आर्थर क्रॉफर्ड यांचे नाव तिला मिळाले. प्रवेशद्वारावरची उठावशिल्पे जॉन लॉकवुड किपलिंग यांची, म्हणजे रुडयार्डच्या वडिलांची. रुडयार्डचा जन्मही इथून हाकेच्या अंतरावर, जे. जे. कलाशाळेच्या आवारात १८६५ साली झाला. गाइडने हे सारे सांगितले, आणि आम्ही माना वर करून दगडातले शेतकरी पाहिले. कामात गुंतलेली, धट्टीकट्टी, डौलदार माणसे.

मग तिने सांगितले, की आज या मंडईला महात्मा जोतीराव फुले यांचे नाव आहे, आणि ती पुढे निघाली. मी मात्र तिथे रेंगाळलो. फुल्यांचे मूळ आडनाव गोऱ्हे. घराण्यातल्या माणसांनी पेशव्यांकडे फुले पुरवण्याचा धंदा केला आणि त्यावरून ते फुले झाले. पुण्यात १८८०च्या दशकात मोठी मंडई बांधण्याचा घाट घातला गेला, तेव्हा नगरपालिकेचे सदस्य असलेल्या जोतीरावांनी त्या खर्चाला विरोध केला होता. हा पैसा शिक्षणावर खर्च व्हावा, असे त्यांचे म्हणणे होते. मंडई झालीच. १८८६ साली तिचे उद्घाटन झाले, गव्हर्नर रे यांचे नाव तिला मिळाले, आणि पुढे आचार्य अत्र्यांच्या पुढाकाराने ते बदलून फुल्यांचे नाव तिला दिले गेले. ज्या इमारतीला माणसाने विरोध केला तिच्यावरच त्याचे नाव लागावे, यातला विरोधाभास पुण्यात पुष्कळांनी सांगून झाला आहे. मला मुंबईच्या दारात उभे असताना दुसरेच काही दिसत होते. वर किपलिंगचा शेतकरी आणि खाली फुल्यांचे नाव. १८८३ साली लिहिलेल्या 'शेतकऱ्याचा असूड'मध्येही गाडीभर माळवे घेऊन शहराच्या बाजारात आलेला शेतकरी आहे. पण फुले त्याचे चित्र काढत नाहीत, हिशेब मांडतात. जकात किती खाते, दलाल किती खातो, आणि शेवटी गाडीभाडेसुद्धा पदरचे भरून तो घरी कसा परततो. शेतकऱ्याकडे पाहण्याच्या या दोन रीती एकाच दारावर नांदत आहेत. दीडशे वर्षे आपण त्या दाराखालून आत जातो, आणि नजर वरच्या शिल्पांकडेच आधी जाते.

आत एका वयस्कर फळवाल्याने आमची गाठ पडताच आपण होऊन बोलायला सुरुवात केली. घाऊक बाजार १९९०च्या दशकात वाशीला गेला, तेव्हापासून इथली पहाट उरली नाही, असे तो म्हणाला. जुन्या काळी सौदा कसा होई ते दाखवा, असे मी म्हटले. त्याने खांद्यावरचा रुमाल काढला, एका पाहुण्याचा हात हातात घेतला, त्यावर रुमाल टाकला आणि आत बोटे दाबली. पाहुणे हसले. "किती?" असे फळवाल्याने विचारले. त्यांना सांगता येईना. भोवती दहा माणसे उभी असली तरी भाव दोघांनाच कळतो, हेच त्या रुमालाचे काम. आम्ही रुमालाचा फोटो काढला.

साडेसातच्या सुमारास आम्ही दादरला उतरलो. मार्गशीर्षातला गुरुवार असल्यामुळे पाय ठेवायला जागा नव्हती. सेनापती बापट मार्गावर मीनाताई ठाकरे यांच्या नावाची फूल मंडई आहे; पण बाजार तिच्यात मावत नाही, तो बाहेर पदपथावर आणि उड्डाणपुलाखाली पसरतो. त्या पुलाला केशवसुतांचे नाव आहे. आधुनिक मराठी कवितेच्या जनकाच्या सावलीत झेंडू किलोवर विकला जातो, हे मी पाहुण्यांना सांगितले आणि त्यांना ते फार आवडले. मलाही ते सांगायला आवडले, हे कबूल करायला हवे.

गाइड सांगत होती, की झेंडू आणि शेवंती पुणे, सातारा, नाशिककडून येतात, गुलाब मावळातून, मोगरा आणि सोनचाफा वसई-पालघरकडून. ती सांगत होती ते बरोबर होते. फक्त 'वसईकडून येतो' या दोन शब्दांत काय काय असते, ते मला माहीत होते. आमच्या वाडीत चाफ्याची अकरा झाडे होती. फुले पुरती उमलायच्या आत, अंधारातच काढावी लागत. केळीच्या पानात बांधून, टोपलीत ओले फडके घालून आई पहाटेच्या गाडीच्या मालडब्यात चढत असे. मी शाळेला निघायच्या वेळी ती दादरला असे आणि मी परत येई तेव्हा ती झोपलेली असे. ती नेमकी कुठे बसायची, हे मला त्या सकाळी ठरवता आले नाही. खुणा बदलल्या आहेत, आणि मी फार वेळा गेलोही नव्हतो. महाविद्यालयात जायला लागल्यावर तर मुळीच नाही.

पुलाच्या कडेला एक बाई चाफा घेऊन बसल्या होत्या. पाहुण्यांबरोबर पाहून त्यांनी मला हिंदीत भाव सांगितला. मी मराठीत बोललो, तेव्हा त्या म्हणाल्या, "मग मराठीच बोला की, दादा. किती देऊ?" मी वीस फुले मागितली. पाच-पाच उचलत त्यांनी ती मोजली आणि वर एक टाकले. हे वरचे एक फूल मला ओळखीचे होते. आईसुद्धा ते टाकत असे.

सकाळभर एकही फोटो न काढलेल्या पाहुण्या बाईंनी तेव्हा मला विचारले, "संध्याकाळपर्यंत जी फुले उरतात, त्यांचे काय होते?"

त्या सकाळचा हा सर्वांत चांगला प्रश्न होता, आणि त्याचे उत्तर देण्याचा अधिकार तिथे मलाच आहे, असे मला वाटले. माझी आई इथे बसत असे, हे मी प्रथमच कोणा परक्यासमोर बोललो. आणि मग सांगितले, की या बाजारात काहीही वाया जात नाही. दुपार व्हायच्या आत गजरेवाले येतात, उरलेली फुले उक्ती घेऊन जातात, दर कमी मिळतो एवढेच. पाहुण्या बाईंनी ते वहीत लिहून घेतले. गाइड म्हणाली, "सर, हे किती छान आहे. पुढच्या फेरीपासून मी हे सांगत जाईन."

मी घरी आलो, चाफा पाण्यात घातला. चाफ्याचा वास मला आवडत नाही. कोमेजलेल्या चाफ्याचा तो तपकिरी, गोडसर, जड वास आमच्या घरात वर्षानुवर्षे होता. तो नाकाशी येताच एक साधी गोष्ट मनात आली : काही वाया जात नसे, तर आमच्या घरात हा वास कुठून येत होता?

आईच्या हिशेबाच्या वह्या माझ्याकडे आहेत. खरे तर त्या माझ्याच वह्या. मी बी.ए.ला असताना व्याख्यानांची टिपणे ज्यांत घेत असे, त्यांची मागची कोरी पाने ती वापरत असे. ती चौथीपर्यंत शिकली होती. पुढून रससिद्धान्त, मागून चाफा, अशा या वह्या मी जपून ठेवल्या त्या पुढच्या पानांसाठी. मागची पाने मी त्या दिवसापर्यंत वाचली नव्हती. साहित्याच्या अध्यापनात माझी अठ्ठावीस वर्षे गेली. संहितेचे सूक्ष्म वाचन कसे करावे यावर मी शिबिरे घेतली आहेत.

प्रत्येक पानावर चार रकाने आहेत : आणली, गेली, उरली, टाकली. खाली पावती, चहा, पासाचे वेगळे काढलेले पैसे. 'उरली' आणि 'टाकली' यांत फरक आहे. जी उक्ती गेली त्यांची रक्कम 'उरली'च्या पुढे लिहिलेली आहे. 'टाकली'च्या पुढे काही नाही. पितृपंधरवड्यात बहुतेक दिवस 'टाकली'चा आकडा 'गेली'पेक्षा मोठा आहे. जुलैतल्या एका दिवशी आणली ४००, गेली ०, उरली ०, टाकली ४००, आणि शेजारी 'गाडी बंद'. लग्नसराईतले काही आठवडे सोडले, तर 'टाकली'चा रकाना कोरा आहे असे पान मला विरळाच सापडले. गजरेवाले येत होते हे खरे. पण ते रोज येत नव्हते, आणि आले तरी सगळी फुले घेत नव्हते. काहीही वाया जात नाही ही गोष्ट मी कुठून आणली? आईने ती मला कधी सांगितली नव्हती. माझी फी वेळेवर भरली जात होती, त्यावरून मी ती स्वतःच रचली असावी. माझ्यातल्या गाइडला एक छान शेवट हवा होता.

कवी बी यांच्या 'फुलांची ओंजळ' (१९३४) या संग्रहातली 'चाफा' मी दर एक-दोन वर्षांनी शिकवतो. चाफा म्हणजे काय, आत्मा की प्रियकर की काव्य, यावर वर्गात चांगली चर्चा होते आणि ती व्हायलाही हवी. प्रतीकाचा अर्थ लावणे हे आमचे कामच आहे. त्या कवितेशी माझे भांडण नाही. भांडण असलेच तर माझ्या सवयीशी आहे. फूल दिसले की त्याचा अर्थ विचारायचा आणि शेकडा विचारायचा नाही, ही ती सवय. ज्याच्या घरात शेकडा हाच अर्थ होता, त्यालाही ती लागू शकते. परदेशी पाहुणे बाहेरचे म्हणून पाहत होते, ते समजण्यासारखे आहे. मी आतला म्हणून बोललो, आणि माझ्या बोलण्यावर कोणी शंका घेतली नाही.

चार दिवसांनी मी त्या पाहुण्या बाईंना पत्र लिहून माझे उत्तर चुकीचे होते हे कळवले. वहीतल्या जुलैच्या त्या पानाची प्रतही पाठवली, चार रकान्यांच्या भाषांतरासह. गाइडलाही तसेच लिहिले. तिचे उत्तर लगेच आले : "मग पुढच्या वेळी लोकांना काय सांगू, सर?"

मी लिहिले, तुम्ही काही सांगू नका. पुलाच्या कडेला चाफेवाल्या बाई बसतात, त्यांना विचारा, काल किती टाकली. त्या सांगतील.