शेवटच्या कडव्यातले नाव

आमच्या मालेगावाला लागूनच गिरणेच्या काठी चंदनपुरी आहे. पौष पौर्णिमेला तिथे खंडोबाची यात्रा भरते. भंडाऱ्याने पिवळ्या झालेल्या त्या गर्दीत लहानपणी मला देवापेक्षा ढोलकीचेच कुतूहल अधिक असे, हे आता चाळिशी उलटल्यावर सांगायला हरकत नाही. कनातीच्या आत पाऊल टाकायची आम्हां मुलांना बंदी होती. त्यामुळे तमाशा मी पाहिला नाही, नुसता ऐकला. बाहेर उभे राहून ऐकणाऱ्याला नाचणारी कोण हे कळत नाही. गाणे कोणाचे ते मात्र कळते, कारण लावणीचा शाहीर शेवटच्या कडव्यात आपले नाव गुंफून ठेवतो. 'पठ्ठे बापूराव' हे नाव मी असेच प्रथम ऐकले. पुष्कळ दिवस मला तो कोणी पैलवान वाटत होता.

निघाला तो कुलकर्णी! श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी, जन्म १८६६, गाव वाळवे तालुक्यातले रेठरे हरणाक्ष. घरात वतन होते, पोराने इंग्रजी शाळेचे तोंडही पाहिले होते. त्या काळी तेवढ्या शिदोरीवर एखाद्या कचेरीत सुखाने बूड टेकता आले असते. परंतु याच्या कानांत ढोलकी शिरली. आधी गावच्या तमाशाला गाणी लिहून दिली आणि मग स्वतःच बोर्डावर उभा राहिला. ज्यांचा विटाळ मानायचा त्यांच्याच फडात कुलकर्ण्याचा मुलगा नांदू लागला म्हटल्यावर गावाने आणि भाऊबंदांनी काय म्हटले असेल, ते सांगायला नकोच.

आज एखाद्या गायकाने स्वतःच गाणे लिहावे, स्वतःच गावे आणि त्यावर नाच बसवावा, याचे आपल्याला मोठे कौतुक वाटते. बापूराव हेच करीत होते. आरंभी गण, मग गौळण, मग लावणी आणि शेवटी पहाटेपर्यंत चालणारा वग, अशी सारी रात्र एका माणसाच्या लेखणीवर चालायची. 'मिठाराणी'चा त्यांचा वग कोल्हापुरात शाहू महाराजांपुढे झाला. दोन लाख लावण्या रचल्याचा त्यांचा स्वतःचाच दावा होता. तो कोणी मोजून पाहिला असेल असे मला वाटत नाही. शाहिराच्या हिशेबाला आमच्या शाळेचे गणित लावू नये. पण निम्म्याच्या निम्म्या धरल्या, तरी त्या कागदावर उतरण्याआधीच लोकांच्या तोंडी गेल्या, हे खरे.

इथेच गोम आहे. छापलेल्या कादंबरीवर माझा हक्क असतो. दोन-चार रुपये का होईना, वर्षाकाठी हाती लागतात. २०१२ साली आपल्याकडचा कायदा बदलला. चित्रपटात गाणे दुसरीकडे वाजले, तर मिळणारा वाटा गीतकाराला कोणी सही करून सोडायला लावू शकत नाही. बापूरावांच्या काळी लावणी एकदा फडात म्हटली की ती सगळ्या फडांची झाली. मालकी राहिली ती शेवटच्या कडव्यातल्या नावापुरती. ते काढून दुसरे घालावे तर यमक मोडते, मात्रा सांडतात आणि ढोलकीवाला अडखळतो. चोरावर असा पहारा कुठल्याही कायद्याने बसवलेला माझ्या तरी ऐकिवात नाही.

हे सारे मी एकदा आठवीच्या वर्गात सांगत होतो. अभ्यासक्रमात ते नव्हते. पण दिवाळीच्या सुट्टीला दोन दिवस उरले की मुले आणि मास्तर दोघेही पुस्तकाबाहेर पडतात. शेवटच्या बाकावरची एक मुलगी उठून म्हणाली, "सर, मग नाचणाऱ्या बाईचं नाव कुठल्या कडव्यात असतं?"

वर्ग हसला. ती हसली नाही. तिची आजी एका फडात होती. तिने हे मला मधल्या सुट्टीत, आजूबाजूला पाहून, हलक्या आवाजात सांगितले. घरी त्याचा उच्चार करीत नाहीत. फोटो आहे, तो ट्रंकेत तळाशी.

नाचणारीचे नाव पवळा. संगमनेर तालुक्यातल्या हिवरगाव पावशाची, जन्माने महार. तमाशात त्याआधी नाच्या पोऱ्या लुगडे नेसून उभा राहायचा. बोर्डावर आलेल्या पहिल्या स्त्रियांत पवळेचे नाव घेतात. बापूराव आणि पवळा एकत्र आले आणि मुंबईची थिएटरे भरू लागली. ओळ बापूरावांची, पण ती पायांत, डोळ्यांत आणि हाताच्या एका झटक्यात उतरायची पवळेच्या. समोरचा रसिक रुपया वर धरायचा, तो घ्यायला तिला पुढे जावे लागायचे, तेव्हा पुन्हा एकदा लावणी व्हायची. या प्रकाराला दौलतजादा म्हणतात. नाव भारदस्त आहे. पैसा लावणीवर पडला की पवळेवर, हे मात्र त्या रुपयावर लिहिलेले नसे.

हा प्रश्न माझ्या विद्यार्थिनीच्या आधी फार मोठ्या माणसाने विचारलेला आहे. १९२७ साली महाडच्या सत्याग्रहासाठी निधी जमत होता. बापूरावांनी आपल्या खेळांचे उत्पन्न देऊ केले आणि डॉ. आंबेडकरांनी ते नाकारले. अस्पृश्य समाजातल्या बायकांना नाचवून मिळालेला पैसा त्याच समाजाच्या लढ्याला त्यांना नको होता. बापूरावांना ते लागले असणार. जात टाकून, घर टाकून हा माणूस फडात आला होता आणि त्याच्या मनात खोट नव्हती, असेच मी मानतो. तरीही नकार देणाऱ्याचेच मला पटते. बापूरावांनी टाकले ते त्यांच्या खुशीने टाकले. टाकायला पवळेजवळ काय होते?

पुढे दोघांचे फाटले. पवळा १९३९ साली गेली. बापूराव १९४५च्या डिसेंबरात पुण्यात वारले, अगदी हलाखीत. पाच वर्षांनी त्यांच्या नावाचा बोलपट निघाला.

त्या मुलीला स्नेहसंमेलनात लावणी करायची होती. घरून साफ नकार आला. गौळणीला मात्र परवानगी मिळाली. मध्ये कृष्ण असला की आपल्याकडे निम्मी हरकत आपोआप गळून पडते. गौळण बापूरावांचीच होती. तिने ती फक्कड केली. नाव विचारायला गेलेल्या सूत्रसंचालकाला तिने आपले नाव सांगितले आणि पुढे वडिलांच्या जागी आजीचे. पुढच्या रांगेत बसलेल्या आईने पदर तोंडाला लावला. ती रडत होती की हसत होती, मला नीट दिसले नाही.

नाशिकहून पुण्याला जाताना संगमनेर सोडले की हिवरगाव येते. मागे एकदा एस.टी.त शेजारी एक म्हातारबाबा बसले होते. मी सहज विचारले, "बाबा, पवळा ठाऊक आहे का?"

"आमच्या हिवरगावची!" ते म्हणाले आणि मांडीवर ठेका धरून गुणगुणू लागले. आवाज फाटलेला होता, पण ताल पक्का. तिसऱ्या कडव्यापर्यंत आले होते. तेवढ्यात कंडक्टरने घंटी मारली आणि पिशवी सावरीत बाबा उतरून गेले.